रूम नंबर सतराचं पंचांग

सुरुवातीलाच कबूल करते, मराठी विभागासाठी लिहायची माझी ही पहिलीच वेळ. शाळा कॉन्व्हेंट. मराठी आठवड्यातून तीन तास, तेही शेवटच्या पिरियडला, जेव्हा अर्धा वर्ग दप्तर भरून बसलेला असायचा. अजूनही भाजीवाल्याने 'एकोणसाठ' म्हटलं की मी आधी पन्नासची नोट पुढे करते आणि त्याच्या चेहऱ्याकडे बघते. तेव्हा चुका पोटात घाला. विषय मात्र मी मनापासून निवडलाय, कारण त्यापायी आमच्या रूममध्ये एक भांडण झालं आणि आमच्या घरी दुसरं.

आधी रूममधलं सांगते. लेडीज होस्टेलची रूम नंबर सतरा. आम्ही चौघी. नावांपेक्षा गावांनीच ओळखल्या जाणाऱ्या: सिन्नर, चाळीसगाव, मालेगाव आणि मी. सेकंड इयरला, २०२४ च्या पावसाळ्यात, सारखी लाईट जायची. मोबाईल चार्ज नाही, लॅपटॉप बंद, मग करायचं काय? सिन्नरने शू-बॉक्सच्या पुठ्ठ्यावर एक नकाशा काढला. दोन नद्या, तीन राज्यं, एक वाळवंट. मालेगावने राजे आणि त्यांची घराणी लिहिली. चाळीसगावने सैन्य, धान्य आणि कर यांचे नियम केले. आमचं स्वतःचं एक जग तयार झालं आणि त्याचा एक खेळ झाला. जगाचं नाव काय ठेवायचं यावर आठवडाभर चर्चा झाली आणि ते अजून ठरलेलं नाही, असो.

कॅलेंडर माझ्याकडे आलं. का, तर मला एम-थ्रीमध्ये चौघींत जास्त मार्क होते. खेळात कॅलेंडर लागणारच होतं, कारण पावसाळ्यात सैन्याला नदी ओलांडता येत नाही आणि पौर्णिमेच्या रात्री अचानक हल्ला करता येत नाही, असे चाळीसगावचे नियम होते. म्हणजे ऋतू कधी आणि पौर्णिमा कधी, हे दोन्ही सांगता यायला हवं. मी पाच मिनिटांत काम संपवलं. चंद्राचा महिना २५ दिवसांचा. असे १६ महिने. वर्ष बरोब्बर ४०० दिवसांचं. पौर्णिमा कायम महिन्याच्या तेराव्या दिवशी, पाऊस कायम सहाव्या महिन्यात. शिल्लक शून्य! मी तो कागद भिंतीला चिकटवला.

आमच्या रेक्टर मॅडम मॅथ्स शिकवतात. रात्रीच्या राउंडला आल्या, कागद वाचला आणि म्हणाल्या, "छान आहे गं, पण या जगात कॅलेंडरची गरजच काय? बोटांवर मोजून होईल. तुमच्या घरी भिंतीवर जे टांगलेलं असतं ना, ते एकदा नीट वाच. पुढचं नाही, मागचं पान."

मला राग आला. पण मी वाचलं, आणि मग वाचतच गेले. त्याचा हा रिपोर्ट.

सगळा घोळ तीन आकड्यांचा आहे. दिवस हा एक. अमावास्येपासून पुढच्या अमावास्येपर्यंत सरासरी २९.५३०५९ दिवस लागतात, हा दुसरा. आणि ऋतूंचं चक्र ३६५.२४२२ दिवसांत पुरं होतं, हा तिसरा. या तिघांचं एकमेकांशी काडीचंही नातं नाही. कॅल्सीवर भागाकार करून बघा, कुठेच शिल्लक शून्य येत नाही. बारा चांद्रमहिने म्हणजे ३५४.३७ दिवस. वर्षाला जवळजवळ ११ दिवस कमी पडतात. आता या ११ दिवसांचं काय करायचं? जगातल्या सगळ्या कॅलेंडरांची भांडणं इथूनच सुरू होतात.

एक उपाय म्हणजे चंद्राला सोडून द्यायचं. आपलं इंग्रजी कॅलेंडर तेच करतं. तिथे महिना हे नुसतं नाव उरलंय, आकाशाशी संबंध नाही. दुसरा उपाय म्हणजे सूर्याला सोडून द्यायचं. हिजरी कॅलेंडर तसं आहे. मालेगावने मला हे सगळ्यात सोप्या शब्दांत सांगितलं, "आमच्या अब्बूंनी पहिला रोजा थंडीत धरला होता, मी कडक उन्हाळ्यात. रमजान सगळ्या ऋतूंतून फिरून येतो." दर वर्षी ११ दिवस मागे, म्हणजे साधारण ३३ वर्षांत पूर्ण फेरी. तिच्या मते हे न्याय्य आहे, कारण कुणाच्याच वाट्याला जन्मभर उन्हाळ्यातले रोजे येत नाहीत. मला हे पटलं.

तिसरा उपाय आपल्या पंचांगाचा. कुणालाच सोडायचं नाही. महिना चंद्राचा, वर्ष सूर्याचं, आणि शिल्लक साचली की एक जादा महिना. तोच अधिक महिना, धोंड्याचा महिना, ज्यात जावयाचे लाड होतात. लहानपणी मला वाटायचं, कुणीतरी बसून 'या वर्षी टाकू या' असं ठरवत असेल. तसं नाहीये. नियम इतका साधा आहे की आपण तो कोडमध्ये एका ओळीत लिहू शकतो. सूर्य एका राशीत सरासरी ३०.४४ दिवस असतो, चांद्रमहिना त्याहून लहान. त्यामुळे अधूनमधून एखादा चांद्रमहिना दोन संक्रांतींच्या मध्ये अख्खा बसतो. ज्या चांद्रमहिन्यात सूर्य रास बदलतच नाही, तो अधिक. बस्स. कधी उलटंही होतं, एकाच महिन्यात दोन संक्रांती येतात आणि महिनाच गाळावा लागतो. त्याला क्षयमास म्हणतात. तो फार दुर्मिळ, शेवटचा १९८२-८३ मध्ये आला होता.

आणखी एक गंमत. १९ सौर वर्षं म्हणजे ६९३९.६० दिवस. २३५ चांद्रमहिने म्हणजे ६९३९.६९ दिवस. फरक फक्त दोन तासांचा! म्हणून १९ वर्षांनी तिथी आणि तारीख जवळपास पुन्हा जुळतात. २००१ मध्ये अधिक आश्विन होता, २०२० मध्येही अधिक आश्विन. तुमचा एकोणिसावा वाढदिवस आठवा, त्या दिवशी तारीख आणि तिथी दोन्ही बहुतेक एकाच दिवशी आली असतील. ही १९ वर्षांची गोष्ट लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

तिथीवर मात्र मी अडकले होते. काही तिथ्या चक्क गायब होतात आणि काही दोन दिवस चालतात. हा काय प्रकार? मग लक्षात आलं की हे तर आमच्या सिलॅबसमध्ये आहे! चंद्र सूर्यापासून १२ अंश पुढे गेला की एक तिथी संपते. चंद्राचा वेग सारखा नसल्यामुळे तिथी कधी १९-२० तासांत संपते, कधी २६ तासांच्या पुढे जाते. म्हणजे तिथी हा सतत चालणारा सिग्नल आहे आणि आपण तो दिवसातून एकदाच, सूर्योदयाला, सॅम्पल करतो. सूर्योदयाला जी तिथी सापडेल ती त्या दिवसाची. एखादी छोटी तिथी दोन सूर्योदयांच्या मध्ये सुरू होऊन संपलीसुद्धा, तर ती सॅम्पलमध्ये येतच नाही: क्षय तिथी. एखादी लांब तिथी दोन सूर्योदयांना सापडली, तर वृद्धी तिथी. ईअँडटीसीवाल्यांनो, सॅम्पलिंग रेट कमी पडला की काय होतं ते आपण ओसिलोस्कोपवर बघतो. आजी लोक ते एकादशीला बघतात. 'स्मार्त' आणि 'भागवत' अशा दोन एकादश्या कॅलेंडरवर का छापतात, ही शंका असणाऱ्यांनी हाच धागा पकडावा.

नाशिककरांना चौथा आकडाही माहीत हवा. गुरू सूर्याभोवती फिरायला ११.८६ वर्षं घेतो. गुरू सिंह राशीत आला की आपल्याकडे सिंहस्थ. सगळे म्हणतात 'दर बारा वर्षांनी', पण १२ आणि ११.८६ यातला फरक साचत जातो आणि सात फेऱ्यांत ८४ ऐवजी ८३ वर्षंच होतात. म्हणजे मध्ये कधीतरी एक फेरी ११ वर्षांची यावीच लागते. १९८० नंतरचा सिंहस्थ १९९१ मध्ये आला, त्यानंतरचे २००३ आणि २०१५ मध्ये. २०१५ ला मी दहा वर्षांची होते आणि गर्दीमुळे शाळेला मिळालेल्या सुट्ट्या तेवढ्या आठवतात.

आता, आमच्यासारखं कॅलेंडर 'बनवायचा' उद्योग खरोखर कुणी केला का? केलाय, आणि आपल्या अगदी जवळ.

एका रविवारी आम्ही चौघी पांडवलेण्यांवर चढलो. (सिन्नर अर्ध्या वाटेत बसली आणि उतरताना आमच्यात सामील झाली, याची नोंद व्हावी.) तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमीपुत्र सातकर्णी आणि त्याचा मुलगा पुळुमावी यांच्या काळचे लेख आहेत. त्यात तारीख कशी दिलीय माहितेय? गौतमीपुत्राच्या लेखात: वर्ष १८, पावसाळ्याचा दुसरा पंधरवडा, पहिला दिवस. पुळुमावीच्या लेखात: वर्ष १९, उन्हाळ्याचा दुसरा पंधरवडा, तेरावा दिवस. महिन्याचं नावच नाही! वर्षाचे तीन ऋतू, प्रत्येकी आठ पंधरवडे, आणि वर्ष म्हणजे राजाच्या कारकिर्दीचं. त्याच डोंगरात दहाव्या लेण्यात नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे आणि तिथे मात्र सरळ 'वर्ष ४२, वैशाख महिना' असं आहे. सातवाहन आणि क्षत्रप एकमेकांशी लढले हे आपण शाळेत वाचतो. ते तारीखही वेगवेगळ्या पद्धतीने लिहायचे आणि दोन्ही पद्धती एकाच डोंगरावर, हाकेच्या अंतरावर कोरलेल्या आहेत, हे शाळेत कुणी सांगितलं नव्हतं. आम्ही खेळातल्या तीन राज्यांना तीन वेगळी कॅलेंडरं द्यायचं ठरवलं ते तिथेच, पायऱ्यांवर शेंगदाणे खात.

दुसरं उदाहरण मला सगळ्यात आवडलेलं. सुहूर सन, किंवा अरबी सन. हे खरोखरचं 'बनवलेलं' कॅलेंडर. हिजरी वर्षाची अडचण अशी की ते ऋतूंशी बांधलेलं नाही आणि शेतसारा तर पीक आल्यावरच घेता येतो. म्हणून इ.स. १३४४ मध्ये, हिजरी ७४५ चालू असताना, दख्खनमध्ये आकडा तोच ठेवून पुढचं वर्ष सूर्यावर मोजायला सुरुवात झाली. सूर्य मृग नक्षत्रात आला की नवीन साल. म्हणून त्याला मृगसालही म्हणतात. आकडा हिजरीचा, नावं अरबी, आणि सुरुवात आपल्या शेतकऱ्याच्या पेरणीच्या मुहूर्तावर! मालेगावला ही गोष्ट सांगितली तेव्हा ती म्हणाली, "म्हणजे आपल्या रूमसारखंच."

वर्षाचे आकडे मराठी कागदांत अरबी शब्दांत लिहायचे. इहिदे म्हणजे एक, इसन्ने दोन, सलास तीन, अर्बा चार, खमस पाच. शंभराला मया, हजाराला अलफ. पानिपतचं साल 'इहिदे सितैन मया व अलफ' असं येतं: एक, साठ, शंभर आणि हजार, म्हणजे ११६१. आधी एकक, मग दशक. वाचून मला बरं वाटलं, कारण 'एकसष्ट' हा शब्दही असाच उलटा आहे आणि त्यावर अडखळणारी मी एकटी नसणार. मृगापासून डिसेंबरपर्यंतच्या तारखेला ५९९ मिळवायचे, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंत ६००. ११६१ अधिक ६००, बरोबर १७६१.

पानिपतचा विषय निघालाच आहे तर एक सांगते. १४ जानेवारी १७६१, बुधवार, पौष शुद्ध अष्टमी, शके १६८२. १४ जानेवारी म्हटल्यावर सगळे म्हणतात, 'संक्रांतीच्याच दिवशी'. पण आपली संक्रांत नक्षत्रांवर मोजलेली असते आणि पंचांगातलं नक्षत्रवर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा साधारण २४ मिनिटांनी मोठं आहे. ती साठ-सत्तर वर्षांत एक दिवस पुढे सरकते. त्यामुळे १७६१ मधली संक्रांत युद्धाच्या चार-एक दिवस आधीच होऊन गेली होती. इंग्रजी तारखेने जुना सण मोजला की असं होतं.

शिवाजी महाराजांनी तर स्वतःचा शक सुरू केला. राज्याभिषेक ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६, आनंद संवत्सर, शनिवार. त्या दिवसापासून राजशक १. त्याच काळात फारसी शब्दांऐवजी संस्कृत शब्द सुचवणारा राज्यव्यवहारकोशही झाला. राज्य आपलं, तर शब्दही आपले आणि काळही आपला, असा विचार त्यामागे दिसतो. पण पुढे पेशव्यांच्या दफ्तरात बघा, राजशक असतो आणि तरी सुहूर सन सुटलेला नाही. खुद्द महाराजांनी नवीन कॅलेंडर दिलं तरी जुनं गेलं नाही, कारण वसुलीचं गणित मृगावर बांधलेलं होतं. माझ्या मते या सगळ्या अभ्यासातली सगळ्यात शिकण्यासारखी गोष्ट हीच.

राज्याभिषेकाची तारीख आपण ६ जून १६७४ म्हणतो. ती जुन्या ज्युलियन कॅलेंडरची आहे, कारण तेव्हा इंग्रज तेच वापरत होते. आजच्या ग्रेगोरियनने तो दिवस १६ जून येतो. तसंच १९ फेब्रुवारी १६३० चं. आजच्या हिशोबाने तो १ मार्च होईल, आणि तिथी फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१. आपल्या कॉलेजात शिवजयंती दोनदा होते, एकदा तारखेने, एकदा तिथीने, आणि दोन्ही गट एकमेकांना चुकीचं ठरवतात. मी दोन्ही मिरवणुकांत नाचले आहे, त्यामुळे माझं मत विचारू नका.

सगळ्यात शास्त्रशुद्ध कॅलेंडर मात्र आपल्या सरकारचं. १९५२ मध्ये मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. देशात तीसेक पंचांगं चालू आहेत आणि पारंपरिक वर्षारंभ ऋतूंच्या मानाने २३ दिवस सरकला आहे, असं त्यांना दिसलं. २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली: १ चैत्र १८७९. वैशाख ते भाद्रपद ३१ दिवस, बाकीचे ३०, लीप वर्षी चैत्र ३१. नीटनेटकं, माझ्या ४०० दिवसांच्या कॅलेंडरसारखं. सरकारी राजपत्रावर त्याची तारीख असते. आज त्यातली कितवी तारीख आहे हे मी मेसमध्ये अकरा जणींना विचारलं. एकीलाही सांगता आलं नाही. मलाही आधी माहीत नव्हतं, खोटं कशाला बोलू.

आता घरचं भांडण.

एप्रिल २०२४ मध्ये, मी फर्स्ट इयरला असताना, बाबांनी आजीच्या सहस्रचंद्रदर्शनाचा घाट घातला. आजीच्या सगळ्या कागदांवर जन्मतारीख १ जून १९४३ आहे. हजार पौर्णिमा म्हणजे २९,५३१ दिवस, म्हणजे ८० वर्षं आणि जवळपास १० महिने. बाबांचा हिशोब बरोबर होता, एप्रिल २०२४. काकांनी हजार भागिले बारा केलं आणि ८३ वर्षं ४ महिने सांगितले. अधिक महिने त्यांनी धरलेच नव्हते; ८० वर्षांत तेच २९-३० होतात. दोघांचा फोनवर वाद. आणि आजी स्वयंपाकघरातून म्हणाली, "मला काय म्हातारं व्हायची घाई झालीय का? १ जून मास्तरांनी लावली. माझे हजार चंद्र व्हायचेत अजून."

१ जूनची गंमत तुम्हालाही माहीत असेल. आमच्या गल्लीतल्या निम्म्या आजी-आजोबांचा वाढदिवस १ जूनला असतो. शाळेत नाव घालताना जन्मतारीख माहीत नसली की ती लावून टाकायचे. आजीचं तर सालही पुढे-मागे केलेलं होतं, म्हणजे वय भरावं. बाबा म्हणाले, कागद तो कागद. आजी गप्प बसली, पण कार्यक्रमाला 'नाही' म्हणाली. छापायला दिलेल्या पत्रिका परत आणल्या. घरात आठ दिवस कुणी धड बोलत नव्हतं. बाबांना वाटलं आईने हट्ट केला, आजीला वाटलं मुलगा आपल्यापेक्षा कागदावर विश्वास ठेवतो.

दिवाळीच्या सुट्टीत मी वही घेऊन आजीपुढे बसले. "आजी, तुला काय काय आठवतं, ते सगळं सांग."

"मला कसं आठवेल? आई सांगायची ते सांगते. मुंबईला गोदीत स्फोट झाला ना, त्या सालची मी. माझे वडील गोदीत होते. ते जिवंत आहेत हे कळेपर्यंत आईच्या घशाखाली घास उतरला नाही. मी तेव्हा पोटात होते, पाचवा महिना. आणि जन्मले पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी. बैलांच्या शिंगांचा रंग ओला होता अजून."

"वार?"

"शनिवार. म्हणून तर आई दर शनिवारी मारुतीला तेल घालायची माझ्या नावाने."

एवढी माहिती एखाद्या सर्टिफिकेटवर तरी असते का?

गोदीतला स्फोट १४ एप्रिल १९४४ चा. व्हिक्टोरिया डॉकमध्ये 'फोर्ट स्टिकीन' नावाच्या बोटीत कापूस आणि दारूगोळा एकत्र भरलेला होता, दुपारी चारच्या सुमारास ती उडाली. साल पक्कं झालं. एप्रिलमध्ये पाचवा महिना, म्हणजे जन्म ऑगस्टच्या आसपास. पोळाही तेव्हाच. आता १९४४ चं कॅलेंडर कुठून आणायचं? इथे १९ वर्षांची गोष्ट कामाला आली. १९ चोक ७६. १९४४ अधिक ७६ म्हणजे २०२०! लॉकडाऊनच्या वर्षाचं कॅलेंडर आईने दुधाच्या हिशोबासाठी ठेवलेलं होतंच. माळ्यावरून काढलं. २०२० चा पोळा: १८ ऑगस्ट. त्या वर्षीचा अधिक महिना आश्विनात, म्हणजे पोळ्याच्या नंतर, त्यामुळे त्याची अडचण नाही.

पण एका फेरीत दोन तास चुकतात, चार फेऱ्यांत आठ तास. अमावास्या एक दिवस इकडे-तिकडे होऊ शकते. पोळा १७, १८ की १९? इथे आजीचा शनिवार मदतीला आला. वार हा सगळ्यात प्रामाणिक प्राणी, त्याला सूर्य-चंद्र कुणाशीच देणंघेणं नाही, तो नुसता सातने मोजतो. १५ ऑगस्ट १९४७ शुक्रवार होता हे सगळ्यांना माहीत आहे. तिथून तीन वर्षं मागे गेले, म्हणजे १०९६ दिवस, कारण १९४४ च्या १५ ऑगस्टपासून पुढच्या तीन वर्षांत एकही २९ फेब्रुवारी... थांबा, इथे मी चुकले होते. १९४४ चा २९ फेब्रुवारी ऑगस्टच्या आधीच होऊन गेला होता, तेव्हा दिवस १०९५. सातने भागून बाकी तीन. १५ ऑगस्ट १९४४ मंगळवार, १८ शुक्रवार, १९ शनिवार. पोळा शुक्रवारी, आजी शनिवारी. होस्टेलला परत आल्यावर अमावास्या काढायचा प्रोग्रॅमही लिहिला. अमावास्या १८ च्या मध्यरात्रीनंतर संपते, म्हणजे सूर्योदयाचा नियम लावला तर पोळा १८ लाच आणि १९ ला भाद्रपद शुद्ध प्रतिपदा, शके १८६६. सुहूर सनाने म्हणायचं तर १३४५.

फोन करून बाबांना सगळं वाचून दाखवलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "आईला दे फोन." मी म्हटलं, "बाबा, मी होस्टेलवर आहे. ती तुमच्याच घरात आहे."

हजारावी पौर्णिमा मोजली, तर ती आली वटपौर्णिमेची, जून २०२५. पत्रिका नव्याने छापल्या, या वेळी तिथीसकट. कार्यक्रम साधा झाला, काकाही आले. रात्री आम्ही आजीला गच्चीवर नेलं. ढग होते. तिने खुर्चीवर बसून वाट बघितली, आणि चंद्र दिसल्यावर म्हणाली, "नऊशे नव्व्याण्णव वेळा काही कुणी वर आणून बसवलं नव्हतं." नऊशे नव्व्याण्णव हा आकडा तिने किती सहज म्हटला, ते ऐकून मी आईकडे बघितलं.

आधार कार्डावर अजून १ जून १९४३ आहे. ती बदलायला पुरावा लागतो, आणि ओला रंग पुरावा म्हणून चालत नाही.

रूम नंबर सतराचं ४०० दिवसांचं कॅलेंडर भिंतीवरून उतरलं आहे. आता आमच्या जगात चंद्राचा महिना २४.७ दिवसांचा आणि वर्ष ४०१.३ दिवसांचं आहे. सोळा महिन्यांत ६.१ दिवस उरतात, म्हणून साधारण दर चार वर्षांनी एक जादा महिना येतो. त्या महिन्यात सैन्याला पगार द्यायचा की नाही, यावर सिन्नर आणि चाळीसगाव यांचं अजून एकमत झालेलं नाही.